मिठाच्या गुळणीचा देश

आमच्या वाचक मंडळाच्या हस्तलिखितात दरवर्षी एकीने तरी प्रवासवर्णन लिहायचं, अशी रीत आहे. मागच्या वर्षी एकीने सिंगापूर लिहिलं, त्याआधी दुसरीने काश्मीर. यंदा माझी पाळी. तेव्हा बायांनो, मी चिंचपोकळीला जाऊन आले. हसू नका. तिथे बर्फ नाही, फोटोही मी काढलेले नाहीत. पण मी तिकडे एक देश पाहिला. तो आता तुम्हाला कुणालाच पाहता येणार नाही, म्हणून लिहिते.

आधी थोडं घरचं सांगायला हवं. चिंचपोकळी माझं माहेर. लग्न होऊन सांगलीला आले, प्राथमिक शाळेत शिकवलं, पोरांवर ओरडून ओरडून आवाज असा तयार झाला की आमचे हे म्हणायचे, "शालन, तू फोनवर बोलतेस तेव्हा फोन कशाला लागतो?" माहेरी आई, आणि माझ्याहून सात वर्षांनी मोठा दादा. दादा पाट्या रंगवायचा आणि गणपतीत मंडळांचे देखावे करायचा. प्लायवूड, गोणपाट आणि प्लास्टर दिलं की तो कैलासही उभा करायचा आणि चंद्रावरचं यानही.

आई गेली तेव्हा त्याचा फोन सकाळी आला. मिळेल त्या गाडीने निघाले, तर गाडी घाटात बंद पडली. पोचले तेव्हा सगळं आटोपलं होतं. चाळीच्या गॅलरीत वीस-पंचवीस माणसं उभी होती. त्या सगळ्यांच्या देखत मी दादाला म्हणाले, "दोन तास थांबवत नव्हतं तुला? यापुढे तुझा आवाज मला जन्मात ऐकवू नकोस." सगळ्या मजल्यांना ऐकू गेलं. दादा काही बोलला नाही. मी तशीच उलट्या पावली परतले, आणि एकोणीस वर्षं तिकडे फिरकले नाही.

मागच्या पौषात दादा गेला. निरोप त्याच दिवशी माझ्या जुन्या शाळेमार्फत आला. मी बॅग भरली, दाराशी खुर्ची घेऊन बसले, आणि उठलेच नाही. आईच्या वेळी तू थांबला नाहीस, आता मी का धावू, असं मनात आलं. हे लिहिताना लाज वाटते, पण प्रवासवर्णनात खोटं लिहू नये.

मग भाद्रपदात, गणपती उठल्यावर, त्याच्या मुलीचा, वैजूचा फोन आला; माझा मोबाईल नंबर तिने शाळेतूनच घेतला होता. आवाज अगदी ऑफिसातला. "आत्या, पप्पांची भरणी करतेय, तुम्ही या. आणि पप्पांनी केलेला एक देखावा कॉटन ग्रीनच्या गोडाऊनमध्ये पडलाय. सर्वपित्रीच्या आत जागा खाली करायचीय. मोडायच्या आधी तुम्ही एकदा बघून जा."

आत्याला कोण 'तुम्ही' म्हणतं? तेच मला आधी लागलं. पण बरोबरच होतं. शेवटचं पाहिलं तेव्हा ती बारा वर्षांची होती.

पितृपक्षात कोणी प्रवासाला निघत नाही. मी निघाले. मला एकच गोष्ट विचारायची होती. जाताना दादाने माझं नाव काढलं का?

गिरगाव

सरळ चिंचपोकळीला जायची छाती झाली नाही. पहिले दोन दिवस गिरगावात सुमनकडे राहिले. सुमन माझी शाळासोबतीण. तिची वाडी तशीच आहे, फक्त चारी बाजूंनी उंच इमारती उभ्या राहिल्यामुळे दुपारी बारालाच तिच्या स्वयंपाकघरात दिवा लागतो. मी नेलेली भडंगाची पिशवी टॅक्सीतच फुटली होती. टॅक्सीवाला म्हणाला, "मावशी, टेन्शन नाय, उंदीर खूश होतील." उरलेलं भडंग सुमनने डब्यात भरलं आणि त्यात चमचाभर साखर घातली. मी म्हटलं, "बाई गं, भडंगात साखर? सांगलीत तुला वाळीत टाकतील." ती म्हणाली, "मग बरंय ना, तेवढंच तू तरी रोज येशील भांडायला."

घावनं करत होती. नारळाचं दूध, गूळ, वेलची. आमच्याकडे पाहुण्याला जेवूनच जा म्हणतात आणि मग स्वयंपाकाला लागतात. इथे काही न विचारता ताट समोर येतं आणि घड्याळाकडे बघून जेवायचं असतं. तिसरं घावन पानात पडल्यावर सुमन म्हणाली, "दोन दिवस झाले, तू मला तुझ्या गुडघ्यांपासून सांगलीच्या नगरपालिकेपर्यंत सगळं ऐकवलंस. दादाचं नाव नाही काढलंस."

"काय काढायचं? अबोला होता आमचा."

"अबोल्याला दोघं लागतात, शाले. एक गेला. आता तू एकटी काय धरून बसलीयस?"

मला राग आला. तिला म्हटलं, तू आपली घावनं बघ, एक जळतंय. जळत नव्हतं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी पिशवी उचलली.

चिंचपोकळी

चाळ अजून उभी आहे. बाहेरून हिरव्या जाळीत गुंडाळलेली, आत टेकू. मी सवयीने धापा टाकत, जिन्याला नावं ठेवत तिसऱ्या मजल्यावर गेले आणि आमच्या जुन्या खोलीची कडी वाजवली. दार उघडलं ते कानात गाणी ऐकायची बोंडं घातलेल्या एका मुलीने. तिने माझ्याकडे बघितलं, एक बोंड काढलं आणि म्हणाली, "तात्यांकडे ना? ते खाली शिफ्ट झाले होते, गुडघ्यांमुळे. तुम्ही सांगलीच्या ना?"

"तुला गं कसं ठाऊक?"

"तात्या म्हणायचे, ती आली तर आधी आवाज येईल, मग ती येईल." आणि ती हसली.

मी मधल्या जिन्यात दोन मिनिटं बसले. दादाला सगळी चाळ तात्याच म्हणायची. म्हणजे माझा विषय निघायचा तर. मन असं वेडं असतं, तेवढ्यावर लगेच उड्या मारायला लागलं.

खाली वैजूने दार उघडलं. दादाचंच कपाळ, दादाचेच पुढचे दोन दात. वहिनी जाऊन बरीच वर्षं झाली, घरात ती एकटी. भरणी तिनेच केली. मुलीने केली म्हणून चाळीत कुणी चकार शब्द काढला नाही. आमच्या गल्लीत असं झालं असतं तर आठ दिवस चर्चासत्र चाललं असतं. भटजीही तरुण, मांडीवर मोबाईल ठेवून मंत्र म्हणत होता, पण उच्चार स्वच्छ. मी मनात त्याला पास केलं. जेवायला वडे, खीर, भोपळ्याची भाजी आणि काळ्या वाटाण्याचं सांबारं. सांगलीत मी इतकी वर्षं ते करून बघितलं, कधी जमलं नाही. वैजूचं अगदी आईसारखं झालं होतं. पहिल्या घासाला डोळ्यांत पाणी आलं. वैजूने पाण्याचा पेला पुढे केला आणि विचारलं, "तिखट झालं का तुम्हाला?"

"नाही गं. झकास झालंय."

सगळे गेल्यावर भांडी आवरता आवरता मी विचारलंच. "वैजू, जाताना दादाने माझं नाव काढलं का?"

ती हातातली कढई तशीच धरून उभी राहिली. "नाही, आत्या."

"एकदाही नाही?"

"शेवटचं वर्ष पप्पांना आवाज नव्हता. घशाचं ऑपरेशन झालं, त्यात गेला. तुम्हाला कुणी सांगितलं नाही?"

मला कोण सांगणार? मी कुणाला विचारलं होतं? मी कट्ट्याला टेकले. वैजू सांगत राहिली, की आवाज गेलाय असं डॉक्टरांनी सांगितलं तेव्हा पप्पा हसले. ते पाटीवर लिहून बोलायचे, तिच्या लहानपणीची पाटी होती. त्यांनी लिहिलं, 'बरं झालं. आता शब्द पाळणं सोपं.' "मला कळलंच नाही कसला शब्द," ती म्हणाली.

मला कळला.

"आणि शेवटी? पाटीवर काही?"

"शेवटच्या आठवड्यात गोडाऊनची किल्ली दिली आणि लिहिलं, 'ती आली तर दाखव.'"

"ती म्हणजे कोण?" माझा आवाज चढला. "जगात बाया काय थोड्या आहेत? नाव लिहायला काय झालं होतं त्याला? शालू म्हणायचा ना मला? दोनच तर अक्षरं, शा आणि लू!"

वैजू कढई पुसायला लागली. खिडकीपाशी फोन होता, जुना काळा, डायल फिरवायचा. त्याच्या पायाशी एक पाट ठेवलेला होता. फोनच्या पायाशी पाट कशाला, असं तेव्हाच मनात आलं होतं, पण मी रागात होते, विचारलं नाही.

कॉटन ग्रीन

दुसऱ्या दिवशी आम्ही गोडाऊनवर गेलो. तो भाग माझ्या लहानपणीही असाच होता, लांबच लांब भिंती, पत्रे, आणि मध्येच एखादं पिंपळाचं झाड भिंतीतून बाहेर आलेलं. दारात गावडेकाका बसले होते. दादाच्या मंडळाचे जुने कार्यकर्ते, ऐंशीच्या पुढचे, मालवणचे आणि अजून मालवणातच राहत असल्यासारखे बोलणारे.

"इलंस एकदाची!" ते म्हणाले. "तात्या गेलो वाट बघून."

मी नमस्कार केला. दुसरं काय करणार?

आत यंदाचे मोडलेले देखावे पडले होते. अर्धा गड, एक हत्ती, सुट्टे हात. सगळ्यात मागे चादरींनी झाकलेलं काहीतरी होतं, दोन पलंग जोडून ठेवावेत एवढं. वैजूने आणि काकांनी चादरी काढल्या.

खरं सांगते, पहिल्यांदा मी मोठ्याने म्हणाले, "अगं बाई! सगळ्या गावाला गालगुंड झालंय की!"

वैजू फिसकन हसली. आल्यापासून पहिल्यांदा हसली.

वीतभर उंचीची, शाडूची माणसं. दोनशे तरी असतील. आणि प्रत्येकाचे गाल टम्म फुगलेले, ओठ घट्ट मिटलेले. बाजार भरला होता. भाजीवाली बोटं दाखवून भाव सांगत होती, गाल फुगलेले. एक लग्न चाललं होतं, सनईवाल्याच्या सनईत कापसाचा बोळा. देवळाच्या घंटेला फडकं गुंडाळलेलं. शाळा होती, मास्तर हवेत बोटाने बाराखडी लिहीत होते आणि पोरं गाल फुगवून बघत होती. कुत्रे, मांजरं, म्हशी, कौलांवर बसलेले कावळे, सगळ्यांचे गाल फुगलेले. कावळ्याचे गाल कसे फुगवायचे हे माझ्या भावालाच सुचू जाणे. आणि या सगळ्याच्या मध्ये मोठा खोलगट भाग, पांढराशुभ्र, त्यात खरंखुरं खडेमीठ पसरलेलं आणि त्यावर कलंडलेल्या होड्या.

"समुद्र आसा तो," गावडेकाका म्हणाले. "आटलेलो."

मंडळाने हा देखावा तीनदा नाकारला होता. लाइटिंग नाही, संगीत नाही, मागून भारदस्त आवाजातलं निवेदन नाही. काका म्हणाले, "मी तात्याक म्हटलंय, अरे कॉमेंट्री तरी घाल. तर म्हणता, ह्या देशात आवाज नाय, मी खयसून आणू?"

मग त्यांनी त्या देशाची गोष्ट सांगितली. दादाने त्यांना सांगितलेली. मी आपल्या भाषेत सांगते.

या देशाला मोठा समुद्र होता आणि तो फार गाजायचा. एक दिवस टेकडीवरच्या घरातली बाई रडवेली होऊन खिडकीत आली आणि समुद्राला म्हणाली, तुझा आवाज मला जन्मात ऐकवू नकोस. समुद्र बिचारा काय करणार? गाजल्याशिवाय समुद्र राहायचा कसा? मग देशातल्या प्रत्येकाने समुद्राची एकेक गुळणी तोंडात धरली. लहान पोरांनीसुद्धा, जनावरांनीसुद्धा. समुद्र संपला, आवाज संपला. आता त्या बाईने नावाने हाक मारली की सगळ्यांनी गुळण्या टाकायच्या आणि समुद्र परत यायचा. तोवर गप्प. फक्त वर्षातून एकदा ती बाई खिडकीत येते आणि कोण गप्प बसलंय ते ठाऊक नसल्यामुळे साऱ्या देशाला शिव्या घालते. त्या शिव्यांचं पाणी टेकडीवरून खाली येतं, सगळ्यांचे पाय भिजतात, आणि तेवढ्यावर देश पुढचं वर्ष काढतो.

गोष्ट अर्ध्यात आली तेव्हाच मी बसायला काहीतरी शोधायला लागले. वैजूने एक उलटी बादली आणून दिली. मी बसले, चष्मा पुसला आणि होड्यांकडे नीट बघितलं.

कोकणात होड्यांवर नावं रंगवतात तशी यांच्यावरही होती, दादाच्या त्या वळणदार अक्षरात. पहिल्या होडीवर 'मेल्या'. दुसरीवर 'ठोंब्या'. मग 'रेड्या', 'मुडद्या', 'नतद्रष्टा', 'दगड'. एका लांबट होडीवर पूर्ण वाक्य होतं, 'मिठाची गुळणी धरलीयस का तोंडात'.

ते वाक्य माझं होतं.

दरवर्षी भाऊबीजेच्या दुपारी आमच्या सांगलीच्या फोनवर ब्लँक कॉल यायचा. जेवणं होऊन जरा आडवं व्हावं तर घंटी. उचलला की पलीकडे कुणी बोलायचं नाही. सणासुदीचा माझा आवाज असा लागायचा की आमचे हे पेपरात तोंड लपवून हसायचे. कोण रे तू मेल्या, घरी आया-बहिणी नाहीत का, तोंड नाही का तुला, मिठाची गुळणी धरलीयस का? शेजारी जमायचे ऐकायला. पलीकडचा मात्र कधी आधी ठेवायचा नाही. मीच आपटायची.

"पप्पा त्या दिवशी आंघोळ करून नवा सदरा घालायचे," वैजू म्हणाली. "फोनपाशी पाट मांडून बसायचे, ओवाळून घ्यायला बसतात तसे. नंबर फिरवायचे, ऐकायचे, आणि गप्प हसायचे, खांदे हलवत. ठेवला की पेपरच्या कोऱ्या कडेवर काहीतरी लिहून ठेवायचे. मी म्हणायचे, पप्पा बोला ना. तर म्हणायचे, तिने माझा आवाज नको म्हटलंय. तिचा मी ऐकू नये असं नाही म्हटलेलं."

असा हट्टी माणूस. शब्द म्हणजे शब्द. अरे, माणूस रागाच्या भरात बोलतं, ते काय कोर्टाचा हुकूम असतं का? मी त्या बादलीवर बसून हेच त्याला म्हणत होते, आणि रडत होते, आणि गावडेकाका दुसरीकडे तोंड करून तंबाखू मळत होते.

अकराव्या होडीवर लिहिलं होतं, 'आज नको रे बाळा'.

ते वर्ष मला पुरतं आठवतं. आमचे हे दसऱ्याला गेले होते. भाऊबीजेला घंटी वाजली तेव्हा मी घरात एकटी होते आणि माझ्यात शिवी घालायचंही बळ नव्हतं. मी म्हणाले, जो कोण असशील तो, आज नको रे बाळा, आमच्या घरातला माणूस गेलाय. आणि मग का कोण जाणे, फोन ठेवलाच नाही. त्या अनोळखी माणसाला सगळं सांगत बसले. यांचं दुखणं, शेवटची रात्र, कपाटात पडलेले त्यांचे चष्मे. पलीकडचा हूं का चूं करत नव्हता, पण होता. माझं संपेपर्यंत होता. सात वर्षांनी मोठ्या भावाला मी बाळा म्हटलं होतं.

"त्या दिवशी पप्पा जेवले नाहीत," वैजू म्हणाली. "पिशवी घेऊन निघाले, सांगलीला जातो म्हणाले. दादरहून परत आले. म्हणाले, गेलो तर बोलावं लागेल."

मराठीत होडीला नाव म्हणतात आणि नावालाही नाव. मी मास्तरीण असून मला कधी सुचलं नसतं ते माझ्या सातवी शिकलेल्या भावाने करून ठेवलं होतं. मी त्याला पंधरा वर्षं नावं ठेवली, त्याने त्यांच्या पंधरा नावा केल्या. त्यात त्याचं स्वतःचं नाव तेवढं नव्हतं. मी ते घेतलंच नव्हतं.

सोळावी होडी कोरी होती.

मी वैजूकडे बघितलं. तिने नजर चुकवली. "चार वर्षांपूर्वी," ती म्हणाली, "पप्पांनी नंबर फिरवला तर रेकॉर्डवरची बाई बोलली, हा क्रमांक अस्तित्वात नाही. तीनदा फिरवला. आम्हाला वाटलं, तुम्ही ओळखलंत. ओळखलंत म्हणून फोन तोडून टाकलात."

"अगं नाही गं!" मी ओरडले. गोडाऊनभर घुमलं. "वायर सारखी तुटायची. लाइनमन यायचा नाही. मोबाईल आला होता. त्या डब्यावर कुणी करायचंच नाही आता, म्हणून..."

म्हणून मी एक अर्ज लिहिला आणि फोन परत केला. उलट घरी येऊन सुनेला म्हटलंही होतं, बरं झालं, तो भाऊबीजेचा मेला तरी सुटला.

मग मी टेकडीवरच्या त्या घराकडे बघितलं. इतका वेळ धीर झाला नव्हता. खिडकीत बाई होती, कमरेवर एक हात, चष्मा, आणि उजव्या मनगटावर घड्याळ. मी घड्याळ उजव्या हाताला घालते. सगळ्या देशाचे चेहरे तिच्याकडे वळलेले होते. आणि अगदी खाली, समुद्राच्या काठावर, पाटावर बसलेला एक म्हातारा होता, काळा फोन कानाला लावलेला. सगळ्यांत जास्त गाल त्याचे फुगलेले.

बाईचं तोंड बंद होतं. पण तिथला रंग वेगळा होता, जरा पिवळट. मी बोट फिरवलं. भिंतीला रंगाआधी जी लांबी भरतात, ती भरलेली होती. आधी तोंड उघडं होतं, हे कळत होतं.

"तोंडातून पाणी येई," गावडेकाका म्हणाले. "माशांच्या टाकीतली मोटर लावलेली आसा आत. चार वर्सांमागे एक दिवस येऊन तात्यान लांबी भरल्यान. मी म्हटलंय, रे, ह्या काय केलंस? चादर ओढून घराक गेलो."

वैजूने मागच्या आठवड्यातच मोटर लावून पाहिली होती. नुसती घरघर करते, पाणी येत नाही. मोडायचंच आहे आता, ती म्हणाली, इथून हलवलं तर सगळं फुटेल, प्लास्टर जुनं झालंय.

मी अंबाड्यातला आकडा काढला. काका म्हणाले, थांब, पॉलिशपेपर देतंय. मी म्हटलं, नको. तासभर तरी ती लांबी टोकरत बसले असेन. कणकण निघत होती. शाळेत पोरांच्या कंपासपेटीत अडकलेले खडू काढायची सवय, ती कामाला आली. चिक्कट बाई म्हणायची पोरं मला. ओठाचा एक कोपरा थोडा तुटला. शेवटी आकडा आरपार गेला.

"लाव गं मोटर," मी म्हणाले.

घरघर झाली. काही झालं नाही. मग एक थेंब आला, आणि मग करंगळीएवढी धार त्या बाईच्या तोंडातून टेकडीवरून खाली यायला लागली. बाजारातून, शाळेच्या पायरीवरून, लग्नमंडपाच्या कडेने मिठावर आली. मीठ पांढऱ्याचं राखाडी होत गेलं.

मी खाली वाकले. पाटावरच्या त्या म्हाताऱ्याच्या कानाशी, फोन लावलेल्या कानाशी तोंड नेलं. खूप काही म्हणायचं होतं. गाडी घाटात बंद पडली त्यात तुझा काय दोष, हे म्हणायचं होतं. चुकलं माझं, म्हणायचं होतं. "दादा," मी म्हणाले. एवढंच निघालं. "दादा. दादा रे."

होड्या तरंगल्या नाहीत. त्याचे गाल फुगलेलेच राहिले. शाडूच तो. पाणी बोटभर साठलं आणि प्लायवूडच्या फटीतून खाली गळायला लागलं. वैजूने मोटर बंद केली.

दादर

दुसऱ्या दिवशी त्यांनी देखावा मोडला. मी थांबले नाही बघायला. म्हातारा वैजूने ठेवून घेतला. मी सोळावी होडी घेतली, वर्तमानपत्रात गुंडाळून.

परतीच्या गाडीला वेळ होता म्हणून दादरला एका उपाहारगृहात बसले. साबुदाणा वडा चांगला होता, आमच्यापेक्षा शेंगदाणा कमी. पीयूष फार गोड. वेटर दोनदा विचारून गेला, आजी अजून काय? मी मान हलवली. तिसऱ्यांदा तो शेजारच्या टेबलावरच्याला हळूच म्हणाला, "आजींना बोलता येत नाय वाटतं."

आयुष्यात पहिल्यांदा माझ्याबद्दल कुणी असं म्हणालं. मी चूक दुरुस्त केली नाही.

सांगली

प्रवासवर्णन खरं म्हणजे घरी पोचलं की संपतं. पण एक राहिलंय.

सांगलीला आल्यावर मी टेलिफोनच्या कचेरीत जाऊन आले. जुना नंबर परत मिळेल का विचारलं. तिथली मुलगी चांगली होती, तिने बघितलं आणि म्हणाली, मिळणार नाही मॅडम, तो आता दुसऱ्या कुणाकडे आहे. होडी टेबलावर आहे. ब्रश आणून ठेवलाय, पण अजून काही लिहिलेलं नाही. माझं अक्षर चांगलं आहे, तरी धीर होत नाही.

भाऊबीजेला जेवणं झाली. सून म्हणाली, आई, पडा जरा. मी पडले नाही. पाट घेतला, खिडकीशी मांडला, त्यावर बसले. गुडघे कुरकुरले. मोबाईलवर चिंचपोकळीचा तो जुना नंबर लावला, आईच्या वेळेपासूनचा, न बघता आठवणारा. काय बोलायचं ते मी तीन दिवस ठरवत होते. वैजूला यायचं आमंत्रण द्यायचं होतं, सांबाऱ्याची कृती विचारायची होती.

चार घंट्या झाल्या. मग वैजूचा आवाज आला. "हॅलो?"

माझ्या तोंडातून शब्द फुटेना.

"हॅलो? कोण बोलतंय?"

मी फोन कानाला घट्ट धरून बसले होते. पलीकडे चाळीतला आवाज येत होता, कुणाचा तरी टीव्ही, नळाखालची बादली. तिने फोन ठेवला नाही. मग दादाच्या घरातून, दादाच्या फोनवरून, दादाची लेक हळू आवाजात म्हणाली,

"आत्या, मिठाची गुळणी धरलीयस का गं तू?"